पडद्यापुढचे दोघे : यान वेरिख आणि त्यांची रंगभूमी



आम्ही नाट्यशास्त्राचे अभ्यासक नाही. तंत्रनिकेतनातली पदविका आणि त्या बळावर मिळालेली राज्य शासनाची नोकरी, एवढेच आमचे शिक्षण-भांडवल. मंडळाच्या रंगमंचावरही आमची जागा विंगेत, दिव्यांच्या स्विचपाशी. काही वर्षांपूर्वी उत्सवात आपल्या हौशी कलावंतांनी बारा पंचांच्या खटल्याचे नाटक बसवले, तेव्हा प्रकाशयोजना आमच्याकडे होती. तालमी सुरू होण्याआधी सर्वांनी मिळून मूळ चित्रपट पाहावा असे ठरले. तो १९५७ सालचा '१२ अँग्री मेन'. याचेच हिंदी रूप म्हणजे 'एक रुका हुआ फैसला', जे आपल्यापैकी अनेकांनी पाहिले आहे.

मूळ चित्रपटात अकरावा पंच घड्याळजी आहे. युरोपातून आलेला, मिशाळ, मृदू बोलणारा, इतरांपेक्षा शुद्ध इंग्रजी बोलण्याची धडपड करणारा. लोकशाहीत अनोळखी माणसाचा न्याय करायला सामान्य माणसांना बोलावले जाते, यात केवढी मोठी गोष्ट आहे, हे तोच बाकीच्यांना सांगतो. ते बोलणे ऐकताना आम्हाला वाटले, हा माणूस नुसते पाठ केलेले बोलत नाही. नटाचे नाव श्रेयनामावलीत होते जॉर्ज वोस्कोवेत्स. हे नाव शोधत गेलो आणि कळले, की हा मूळचा चेक नट, खरे नाव यिर्झी वोस्कोवेत्स. आणि त्याच्या देशात त्याचे नाव एकट्याने कधी घेतच नाहीत. 'वोस्कोवेत्स आणि वेरिख' असेच म्हणतात. एक अमेरिकेत गेला, दुसरा मायदेशी राहिला. गेलेल्याला आम्ही पडद्यावर पाहिलेच होते. राहिलेल्याचे काय झाले, याची ही हकीकत.

दोन विद्यार्थी आणि एक पडदा

चेक लोकांचा देश आपल्याला एरवी ठाऊक असतो तो बाटाच्या चपलांमुळे आणि स्कोडाच्या गाड्यांमुळे. दोन्ही नावे तिथलीच. पण तिथे रंगभूमीला जे स्थान आहे ते समजल्याशिवाय वेरिख समजणार नाहीत. पहिल्या महायुद्धापर्यंत हा प्रदेश ऑस्ट्रियाच्या साम्राज्यात होता. राज्यकारभाराची आणि प्रतिष्ठेची भाषा जर्मन. चेक ही घराची, बाजाराची, शेतकऱ्याची भाषा. अशा वेळी आपल्या भाषेचे स्वतंत्र नाट्यगृह हवे म्हणून लोकांनी गावोगाव वर्गणी गोळा केली आणि प्रागमध्ये नदीकाठी राष्ट्रीय नाट्यगृह उभे केले. १८८१ साली ते उघडले आणि त्याच वर्षी आगीत जळाले. लोकांनी पुन्हा वर्गणी दिली आणि १८८३ साली ते पुन्हा उभे राहिले. रंगमंचाच्या दर्शनी भागावर दोनच शब्द कोरले आहेत, ज्यांचा अर्थ 'राष्ट्राने स्वतःसाठी'. वर्गणीतून संस्था उभी करणे म्हणजे काय, हे महाराष्ट्राबाहेर राहून मराठी मंडळ चालवणाऱ्यांना वेगळे सांगायला नको. ही इमारत वाचकांनी लक्षात ठेवावी, लेखात ती पुन्हा येणार आहे.

यान वेरिख यांचा जन्म ६ फेब्रुवारी १९०५ रोजी प्रागमध्ये झाला. वोस्कोवेत्स त्याच वर्षी जूनमध्ये साझावा येथे जन्मले. दोघे प्रागच्या एकाच शाळेत होते. वोस्कोवेत्स मध्यंतरी फ्रान्समध्ये शिकून आले, पण मैत्री टिकली. पुढे दोघांनी चार्ल्स विद्यापीठात कायद्याला नाव घातले. वकील दोघांपैकी एकही झाला नाही.

१९ एप्रिल १९२७ रोजी या बाविशीच्या आसपासच्या पोरांनी मित्रांना जमवून 'वेस्ट पॉकेट रेव्ह्यू' नावाचा एक विनोदी खेळ सादर केला. एखाददुसरा प्रयोग होऊन संपेल असे वाटलेला हा खेळ दोनशेच्या वर प्रयोग चालला. आणि लोक त्यासाठी येत होते ते मूळ कथानकासाठी नव्हे. पडदा पडला, मागे नेपथ्य बदलू लागले, की हे दोघे तोंडाला पांढरा रंग फासून पडद्यापुढच्या चिंचोळ्या पट्टीवर येत आणि एकमेकांशी गप्पा मारत. त्या दिवशीच्या वर्तमानपत्रातली बातमी, मंत्र्याचे भाषण, पावसाची तक्रार, काहीही. ठरवलेले थोडे, सुचलेले फार. चेक भाषेत पडद्यापुढच्या या पट्टीला 'फोर्बिना' म्हणतात, आणि त्यावर होणाऱ्या संवादालाही तेच नाव पडले.

आपल्या तमाशातली बतावणी ज्यांनी पाहिली आहे त्यांना ही गोष्ट चटकन उमजेल. वग सुरू होण्याआधी सोंगाड्या आणि त्याचा जोडीदार समोर येतात, गावच्या पाटलापासून दिल्लीच्या सरकारपर्यंत सगळ्यांची खबर घेतात, आणि उद्याच्या गावात तीच बतावणी वेगळी असते. फोर्बिना याच जातीची. फरक इतकाच, की हे दोघे शहरी, शिकलेले आणि पुस्तकांत मुरलेले होते. त्यांचा विनोद पंडितालाही कळे आणि ट्रामच्या कंडक्टरलाही.

यांच्या रंगभूमीचे नाव होते 'मुक्त रंगभूमी'. संगीत देण्यासाठी त्यांना यारोस्लाव्ह येझेक भेटले. हे जवळजवळ अंध होते. जाझ त्यांनी चेक कानांना असे लावले, की त्यांच्या चाली आजही प्रागमध्ये लोक गुणगुणतात. १९२९ पासून ही मंडळी व्होडिच्कोवा रस्त्यावरच्या 'उ नोवाकू' नावाच्या इमारतीतल्या नाट्यगृहात खेळू लागली. ही दुसरी इमारत, हीही लक्षात असू द्यावी.

हसता हसता धारदार

सुरुवातीचा विनोद निव्वळ विनोद होता. पण १९२९ नंतर जगभर मंदी आली. कारखाने बंद पडले, बेकारांच्या रांगा लागल्या, आणि शेजारच्या जर्मनीत जानेवारी १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. दोघांचा विनोद हळूहळू बदलत गेला. १९३२ साली 'सीझर' आले. १९३३ साली 'गाढव आणि सावली'.

या दुसऱ्या नाटकाची मूळ गोष्ट फार जुनी, ग्रीकांची. एक जण गाढव भाड्याने घेतो. भर दुपारी वाटेत गाढवाच्या सावलीत बसतो. गाढवाचा मालक म्हणतो, भाडे गाढवाचे ठरले होते, सावलीचे वेगळे पैसे पडतील. भांडण कोर्टात जाते, गावात दोन तट पडतात, पुढारी त्यात उतरतात, आणि गाढवाच्या सावलीपायी अख्खे शहर एकमेकांच्या जिवावर उठते. हिटलर सत्तेवर आल्याला वर्षही झाले नव्हते. कोणाला काय समजायचे ते समजले. जर्मन वकिलातीने तक्रार केली.

पुढच्या वर्षी 'जल्लाद आणि वेडा' आले, तेव्हा त्यांच्याच देशातल्या फॅसिस्ट टोळ्यांनी प्रेक्षागृहात दंगा केला. इतका त्रास झाला की १९३५ च्या हंगामात मोठे नाट्यगृह सोडून त्यांना लहान जागेत जावे लागले. तेव्हा त्यांनी आपल्या 'मुक्त रंगभूमी'चे नाव बदलून 'बद्ध रंगभूमी' ठेवले! त्याच जागेत त्यांचे 'चिंध्यांचे बॅलड' लागले, ते इतके गाजले की दुसऱ्या वर्षी ते आपल्या जुन्या जागी आणि जुन्या नावाने परतले. चित्रपटही चालू होते. 'हेय रुप' म्हणजे आपल्याकडे ओझे उचलताना म्हणतात तसे 'होय्या हो'. १९३४ सालच्या या चित्रपटात एक बेकार कामगार आणि एक दिवाळे निघालेला धनाढ्य मिळून बेकारांची सहकारी दूध फॅक्टरी काढतात. दिग्दर्शक होते मार्टिन फ्रिच.

नाटकातून राजकारण बोलणे आणि त्यासाठी सरकारी रोष ओढवून घेणे आपल्यालाही नवीन नाही. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या 'कीचकवधा'त प्रेक्षकांना कीचकाच्या जागी कोण दिसत होते हे इंग्रज सरकारला कळले, आणि १९१० साली नाटकावर बंदी आली. पौराणिक कथा असो वा गाढवाची सावली, आडून बोलण्याची ही युक्ती सगळीकडे सारखीच. आडून बोलणाऱ्याला थेट पकडता येत नाही, म्हणून सत्ता शेवटी नाट्यगृहालाच कुलूप लावते.

तसेच झाले. सप्टेंबर १९३८ च्या अखेरीस म्युनिक येथे इंग्लंड, फ्रान्स, इटली आणि जर्मनी यांनी बसून चेकोस्लोव्हाकियाचा सीमाभाग हिटलरला देऊन टाकला. ज्यांचा देश होता त्यांना चर्चेला बोलावलेसुद्धा नव्हते. देशातली हवा एका रात्रीत बदलली. त्याच नोव्हेंबरमध्ये 'मुक्त रंगभूमी'चा परवाना काढून घेण्यात आला. जानेवारी १९३९ मध्ये वोस्कोवेत्स, येझेक आणि वेरिख अमेरिकेला निघून गेले. दोन महिन्यांनी, १५ मार्चला, जर्मन सैन्य प्रागमध्ये शिरले.

परक्या भाषेत

विनोदी नटाला परदेशात पोट भरणे सर्वांत अवघड. गवयाचा सूर भाषेवाचून चालतो, नर्तकाचा पदन्यासही चालतो. पण कोटी, श्लेष, बोलीतला तिरकसपणा यांवर जगणाऱ्याचे सगळे भांडवल भाषेतच अडकलेले असते. या दोघांनी अमेरिकेतल्या चेक वसाहतींपुढे कार्यक्रम केले, इंग्रजी शिकून घेतले आणि आपले नाटक इंग्रजीतही करून पाहिले. युद्धात अमेरिकेच्या सरकारी रेडिओवरून ते मायदेशासाठी चेक भाषेत कार्यक्रम करू लागले. जर्मनांच्या ताब्यातल्या देशात परदेशी रेडिओ ऐकणे हा देहदंडापर्यंत नेणारा गुन्हा होता. तरी लोक ऐकत, कारण ते दोन आवाज घराघरात ओळखीचे होते. येझेक मात्र घरी परतले नाहीत. १ जानेवारी १९४२ रोजी न्यूयॉर्कमध्ये ते वारले.

१९४५ च्या जानेवारीत दोघे ब्रॉडवेवर शेक्सपिअरच्या 'टेम्पेस्ट'मध्ये उभे राहिले. वेरिख दारुड्या खानसामा स्टेफानो, वोस्कोवेत्स विदूषक ट्रिंक्युलो. परक्या भाषेतही जोडी जोडीच राहिली.

युद्ध संपले, दोघे घरी आले, पुन्हा एकत्र काम सुरू झाले. पण फेब्रुवारी १९४८ मध्ये कम्युनिस्ट पक्षाने सत्ता पूर्णपणे हातात घेतली. पुढच्याच महिन्यात त्यांनी बसवलेली एक अमेरिकन संगीतिका चेक रूपात रंगमंचावर आली. त्यात वेरिख चोख्तान नावाचा मिश्कील जलपिशाच्च झाले होते. आणि त्याच वर्षी वोस्कोवेत्स युनेस्कोच्या कामाला पॅरिसला निघून गेले. ते पुन्हा कधी प्रागच्या रंगमंचावर उभे राहिले नाहीत.

गेलेल्याचे सगळे सुखाचे झाले असे कोणी समजू नये. १९५० साली वोस्कोवेत्स अमेरिकेत पोहोचले, तर कम्युनिस्टांबद्दल सहानुभूती असल्याच्या संशयावरून त्यांना एलिस बेटावर सुमारे अकरा महिने अडकवून ठेवले. कम्युनिस्टांचे राज्य सोडून आलेला माणूस, आणि त्यालाच कम्युनिस्ट ठरवून कोंडले! सुटल्यावर त्यांनी इंग्रजी रंगभूमीवर नव्याने नाव कमावले आणि पुढे तो घड्याळजी पंच साकारला. लोकशाहीबद्दलचे ते बोलणे आम्हाला पाठ केलेले का वाटले नाही, याचे उत्तर आम्हाला इथे मिळाले.

राहिलेला

आता वेरिख. ते का राहिले? लोक नाना कारणे सांगतात. आम्हाला वाटते, ब्रॉडवेवर टाळ्या घेऊनही त्यांना कळून चुकले होते, की आपले हत्यार चेक भाषा आहे, आणि ती भाषा बोलणारा प्रेक्षक इथेच आहे. पण इथे राहायचे म्हणजे इथल्या अटींवर राहायचे.

१९५१ साली 'सम्राटाचा नानबाई' हा दोन भागांचा रंगीत चित्रपट आला. वेरिख यांची दुहेरी भूमिका. एक, किमयागारांच्या नादी लागलेला म्हातारा, चक्रम सम्राट दुसरा रुडॉल्फ. दुसरा, त्याच्यासारखाच दिसणारा साधा नानबाई, जो योगायोगाने सिंहासनावर बसतो आणि राज्य शहाणपणाने चालवून दाखवतो. मातीचा महाकाय पुतळा गोलेम, ज्याच्या ताकदीसाठी सगळे दरबारी टपलेले असतात, तो शेवटी लोकांच्या भाकऱ्या भाजण्याच्या कामी येतो. यातला शेवटचा उपदेश तेव्हाच्या राज्यकर्त्यांना खूश करणारा आहे, असे टीकाकार म्हणतात. ते खोटे नाही. पण सत्तेपुढे लाळ घोटणाऱ्या दरबाऱ्यांची यथेच्छ टिंगलही त्याच चित्रपटात आहे, आणि लोकांच्या ध्यानात राहिली ती टिंगल.

तीन-चार वर्षांनी 'एक होता राजा' आला. सर्वांत धाकटी राजकन्या बापाला म्हणते, माझे तुमच्यावर मिठाइतके प्रेम आहे. राजा संतापून तिला हाकलतो आणि मग राज्यातले मीठच नाहीसे होते. आजीच्या तोंडून ही गोष्ट न ऐकलेले मूल आपल्यातही क्वचितच. वेरिख यात राजा झाले. प्रधान झाले व्लास्ता बुरियान, ज्यांना युद्धानंतर शत्रूशी संगनमत केल्याचा ठपका ठेवून रंगभूमीपासून दूर ठेवले होते. दोन काळांच्या दोन विनोदवीरांना लोकांनी पडद्यावर एकत्र पाहिले.

आणि १९५०च्या दशकाच्या मध्यावर वेरिख एका नाट्यसंस्थेचे प्रमुख झाले. तिचे नाव 'एबीसी'. जागा? तीच, व्होडिच्कोवा रस्त्यावरची 'उ नोवाकू'. जिथून १९३८ साली बाहेर काढले, तिथेच माणूस परत आला. जुनी नाटके पुन्हा लागली आणि पडदा पडल्यावर वेरिख पुन्हा पडद्यापुढे आले. शेजारी मात्र वोस्कोवेत्स नव्हते. त्यांच्या जागी मिरोस्लाव्ह होर्निचेक उभे होते, स्वतः उत्तम, हजरजबाबी नट. पण जुन्या प्रेक्षकांना एक रिकामी जागाही दिसत असणारच. गेलेल्याचे नाव उघडपणे घेण्याचा तो काळ नव्हता.

१९६० साली वेरिख यांच्या गोष्टींचे 'फिम्फारुम' हे पुस्तक निघाले. मुलांसाठी म्हणून लिहिलेले, मोठ्यांनी चोरून वाचावे असे. १९६३ साली व्होइत्येख यास्नी यांच्या 'जेव्हा मांजर येते' या चित्रपटात त्यांनी गोष्टीवेल्हाळ म्हातारा आणि जादूगार अशा दोन भूमिका केल्या. जादूगाराच्या मांजराच्या डोळ्यांवर चष्मा असतो. तो काढला की ज्याच्याकडे मांजर पाहील त्याचा खरा रंग बाहेर येतो. प्रेमिक लाल, खोटारडे जांभळे, चोर करडे, दगाबाज पिवळे. सगळे गाव घाबरते, आणि सर्वांत जास्त घाबरतात ते अधिकारी. कान महोत्सवात त्याला खास पारितोषिक मिळाले.

एक गमतीची गोष्ट. १९६६ साली जेम्स बाँडच्या चित्रपटात मुख्य खलनायक ब्लोफेल्ड म्हणून वेरिख यांची निवड झाली होती. काही दिवस चित्रीकरणही झाले. मग लक्षात आले, की हा माणूस कितीही डोळे वटारो, चेहरा प्रेमळ आजोबांचाच दिसतो. भूमिका दुसऱ्याला दिली गेली.

हजेरीपटावरची सही

१९६८ च्या वसंतात देशात मोकळे वारे वाहू लागले. जूनमध्ये लुडव्हिक वात्सुलिक यांनी लिहिलेले 'दोन हजार शब्द' हे सुधारणांचे आवाहन प्रसिद्ध झाले. त्याखाली सह्या करणाऱ्यांत वेरिख होते. २१ ऑगस्टला सोव्हिएत रणगाडे आले आणि सगळे संपले. वेरिख काही काळ देशाबाहेर राहिले आणि परत आले. पुन्हा एकदा परत आले, असे म्हणायला हवे. नंतरच्या दशकात चित्रपट आणि दूरचित्रवाणी त्यांच्यासाठी जवळपास बंद झाली. तब्येतही खालावत गेली. १९७४ साली व्हिएन्नात वोस्कोवेत्स यांची शेवटची भेट झाली. एरवी होती ती पत्रे. ती पत्रे दोघांच्या मृत्यूनंतर तीन खंडांत छापली गेली आहेत.

१९७७ च्या जानेवारीत काही नागरिकांनी 'चार्टर ७७' नावाचे निवेदन काढले. मागणी साधी होती. सरकारने मानवी हक्कांच्या ज्या करारांवर सही केली आहे, ते पाळावेत. सरकार चवताळले. २८ जानेवारीला देशातल्या नट-लेखक-कलावंतांना एका सभेला बोलावण्यात आले आणि चार्टरवाल्यांचा निषेध करणारे निवेदन वाचले गेले. ही सभा कोठे झाली? लोकांच्या वर्गणीतून उभ्या राहिलेल्या त्या राष्ट्रीय नाट्यगृहात, 'राष्ट्राने स्वतःसाठी' या अक्षरांखाली. सह्या करणाऱ्यांची नावे पक्षाच्या वर्तमानपत्रात ओळीने छापून आली. त्यांत यान वेरिख हे नाव होते.

त्यांच्या बाजूने असे सांगितले जाते, की आपण केवळ उपस्थितीच्या कागदावर सही करतो आहोत अशी त्यांची समजूत होती, आणि ती सही निषेधाखाली दाखवलेली पाहून ते हादरले. टीका करणारे म्हणतात, इतक्या मुरलेल्या माणसाला काय चालले आहे हे कळले नसेल काय?

वाचकहो, इथे आम्ही अडखळलो. शासकीय नोकरीत पंचवीसएक वर्षे होत आली. एकदा एका बैठकीत आमच्यापुढे कागद फिरत आला, वर फक्त दिनांक होता, आम्ही नावापुढे सही केली. काही महिन्यांनी तोच कागद एका अहवालाला जोडलेला दिसला आणि त्यावर 'सर्वांची सहमती' असा शेरा होता. आमच्या एका सहकाऱ्याची बदली त्या अहवालावरून झाली होती. सही आमचीच होती, ती नाकारणार कशी? आम्ही गप्प बसलो. तो सहकारी आजही भेटला की आपुलकीने बोलतो, आणि आम्हाला त्याच्या नजरेला नजर देणे जड जाते. म्हणून वेरिख यांना झोडपणे आम्हाला जमत नाही, आणि पूर्ण निर्दोष म्हणणेही जमत नाही. एवढेच म्हणतो, की आयुष्यभर बड्यांच्या गाढवांची सावली मोजणारा हा माणूस म्हातारपणी एका कागदाच्या सावलीत सापडला.

विंगेतला कामगार

मग राहून मिळवले काय? या प्रश्नाचे उत्तर आम्हाला विंगेत सापडले, ते असे.

१९५९ साली 'एबीसी'मध्ये एक तेवीस वर्षांचा तरुण रंगमंच कामगार म्हणून लागला. घराणे पूर्वीचे श्रीमंत, म्हणून नव्या राज्यात त्याला हवे ते शिक्षण नाकारले गेलेले. नुकताच लष्करी सेवा करून आलेला. काम होते नेपथ्य हलवण्याचे. पडदा पडला की मागे सामान बदलायचे, आणि पुढे त्याच वेळी वेरिख आणि होर्निचेक बोलत असायचे. तो ते विंगेतून रोज ऐकत असे. रंगभूमी म्हणजे केवळ नट, नाटक आणि तिकीटबारी नव्हे, माणसे जिथे एकत्र येऊन आपल्या काळाचा अर्थ शोधतात अशी ती जिवंत जागा आहे, हे आपल्याला त्या एका हंगामात कळले, असे त्याने पुढे कृतज्ञतेने सांगितले. या तरुणाचे नाव व्हाक्लाव्ह हावेल.

हावेल पुढे नाटककार झाले. 'चार्टर ७७'च्या पहिल्या तीन प्रवक्त्यांपैकी ते एक होते. म्हणजे वेरिख यांची सही ज्यांच्या निषेधाखाली छापली गेली, त्यांच्यात त्यांच्याच विंगेतला हा कामगार होता. चार वर्षांच्या आसपास सलग तुरुंगवास त्यांनी भोगला. नोव्हेंबर १९८९ मध्ये प्रागच्या विद्यार्थ्यांवर लाठ्या पडल्या, तेव्हा दुसऱ्याच दिवशी नटांनी संप पुकारला. रोजचे प्रयोग रद्द करून नाट्यगृहे चर्चेसाठी लोकांना खुली केली. विरोधकांची संघटना एका नाट्यगृहात स्थापन झाली आणि तिचे काम दुसऱ्या नाट्यगृहातून चालले. गोळी न झाडता राज्य बदलले. २९ डिसेंबर १९८९ रोजी हावेल राष्ट्राध्यक्ष झाले.

हे पाहायला दोघांपैकी कोणीही नव्हते. वेरिख ३१ ऑक्टोबर १९८० रोजी प्रागमध्ये वारले. वोस्कोवेत्स १ जुलै १९८१ रोजी कॅलिफोर्नियात. मध्ये जेमतेम आठ महिने. आज प्रागच्या ओल्शानी दफनभूमीत दोघांचे एकच थडगे आहे. आकाशात मंगळ आणि गुरू यांच्या दरम्यान फिरणाऱ्या एका लघुग्रहालाही दोघांची नावे जोडून दिली आहेत, क्रमांक २४१८. नदीतल्या काम्पा बेटावरचे वेरिख यांचे घर २०१७ पासून लोकांना पाहण्यासाठी खुले आहे.

गेलेला आणि राहिलेला, यांत थोर कोण, असा प्रश्न आमच्या मनात सुरुवातीला होता. आता तो उरला नाही. गेलेल्याने जोडीचे नाव जगात जपले. राहिलेल्याने ती पट्टी जपली, पडद्यापुढची ती चार हात जागा, जिथून माणसे आपल्याच भाषेत आपल्याच राज्यकर्त्यांवर हसू शकत होती. त्यासाठी त्याने काही वेळा मान झुकवली, एकदा नको तिथे सहीही दिली. पण त्या जागेवरचा आवाज विंगेत उभ्या असलेल्या एका कामगाराच्या कानी पडला, आणि पुढचे काम त्या कामगाराने केले.

आपल्या मंडळाच्या रंगमंचावर यंदाही नाटक आहे. समोरच्या खुर्च्यांवर कोण बसणार याची काळजी कार्यकारिणी दरवर्षी करतेच. आमची एक विनंती आहे. विंगेत दोरी ओढायला, खुर्च्या उचलायला येणाऱ्या पोरांना तालमीच्या वेळी बाहेर घालवू नका. त्यांना ऐकू द्या. आणि प्रयोगाच्या दिवशी स्विचपाशी आमच्या शेजारी एका स्टुलाची जागा असते. ज्याला यायचे असेल त्याने खुशाल यावे.